रॅटून: पिलबाग, खोडवा आणि फरदड

टिश्यूकल्चर रोपांसोबत येणारे माहितीपत्रक, विद्राव्य खताच्या गोणीवरचा तक्ता, ठिबकच्या वेळापत्रकाचा शेवटचा रकाना, या सगळ्यांत ‘रॅटून’ हा शब्द हमखास भेटतो. जळगाव जिल्ह्यातल्या रावेर-यावल पट्ट्यात केळी करणाऱ्याला त्याचा अर्थ पिलबाग हे कुणी सांगावे लागत नाही. तरीही या शब्दावरून गफलती होतात, कारण इंग्रजीत हा एकच शब्द तीन वेगळ्या गोष्टींना लावतात आणि तोच शब्द ऊस, कापूस, ज्वारी, अननस अशा सगळ्या पिकांना चालतो. एका पिकासाठी लिहिलेला सल्ला दुसऱ्या पिकावर आणला की नुकसान होते. म्हणून आधी शब्द नीट लावून घेऊ, मग केळीत रॅटून प्रत्यक्ष कसे धरतो ते तपशिलात पाहू.

शब्द स्पॅनिशमधला, ‘रेतोन्यो’ म्हणजे धुमारा. कॅरिबियन बेटांवरच्या उसाच्या मळ्यांतून तो इंग्रजीत रुळला. उच्चार रॅ-टून, जोर दुसऱ्या अक्षरावर. पहिला अर्थ कापलेल्या पिकाच्या बुडातून येणारा फुटवा. दुसरा अर्थ त्या फुटव्यांवर घेतलेले संपूर्ण पीक. तिसरा अर्थ क्रियापदाचा, म्हणजे फुटवा येणे किंवा मुद्दाम येऊ देणे. आपल्याकडे केळीत या तिन्हींना वेगळे शब्द आहेत: पील, पिलबाग आणि पील धरणे. इंग्रजी मजकूर वाचताना यांपैकी कोणता अर्थ आहे ते मागच्या-पुढच्या शब्दांवरून ठरवायचे. ‘फर्स्ट रॅटून’ किंवा नुसते ‘आर वन’ लिहिले असेल तर ते पीक. ‘रॅटूनिंग अबिलिटी’ लिहिले असेल तर त्या वाणाची पुन्हा फुटून चांगले पीक देण्याची ताकद. लागवडीच्या पहिल्या पिकाला ‘प्लँट क्रॉप’ म्हणतात, आपल्या व्यवहारात नवती. बाजारात केळीचे भाव नवती, पिलबाग, कांदेबाग (ऑक्टोबरच्या सुमारास लावलेली बाग) असे वेगवेगळे निघतात, त्यातली ही पहिली दोन नावे म्हणजेच प्लँट क्रॉप आणि रॅटून.

उसात रॅटून म्हणजे खोडवा, त्यानंतरचा निडवा. तिथे सगळे काम तोडणीनंतर सुरू होते. ऊस जमिनीलगत तोडायचा, कारण बुडखा उंच राहिला तर वरचे डोळे आधी फुटतात आणि ते फुटवे कमजोर निघतात. जमिनीखालच्या डोळ्यांतून येणारा कोंब स्वतःच्या मुळ्या लवकर धरतो. पाचट जाळायचे नाही, सरीत दाबायचे, नांग्या, म्हणजे कोंब न फुटलेल्या रिकाम्या जागा, लगेच भरायच्या. उसातच ‘रॅटून स्टंटिंग डिसीज’ हे नाव भेटते. नावावरून हा रोग फक्त खोडव्याचा वाटतो, पण जिवाणू लागणीच्या उसातही असतो. तोडणीच्या कोयत्यावरून तो एका बेटातून दुसऱ्या बेटात जातो आणि खोडव्यात खुंटलेली वाढ जास्त उठून दिसते, म्हणून हे नाव पडले. बेण्याच्या मळ्यात रोग शोधायचा सोडून फक्त खोडव्याकडे बघत बसणे हा त्या नावाने होणारा घोटाळा.

कापसात ‘रॅटून कॉटन’ म्हटले की आपण फरदड समजतो. ते पूर्ण बरोबर नाही. काटेकोर अर्थाने रॅटून म्हणजे झाड बुडातून छाटून आलेल्या नव्या फुटीवरचे पीक. आपल्याकडची फरदड बहुतेक वेळा झाड न छाटता, डिसेंबर-जानेवारीत एक-दोन पाणी आणि थोडे खत देऊन त्याच झाडावर घेतलेला पुढचा बहर असते. नाव कोणतेही द्या, परिणाम एकच. गुलाबी बोंडअळीला उन्हाळ्याच्या तोंडापर्यंत सलग खाद्य मिळते, शेवटच्या बोंडांत आणि सरकीत तिच्या सुप्त अळ्या राहतात आणि पुढच्या हंगामात मे अखेर लावलेला बागायती कापूस फुलावर आला की त्या पतंगांना तो तयार सापडतो. २०१७ साली महाराष्ट्रात बोंडअळीने जो हाहाकार केला, त्यानंतर तरी कापसातले रॅटून या भागात कुणी धरू नये, असे आमचे स्पष्ट मत आहे. डिसेंबरअखेर शेत मोकळे करावे, पऱ्हाट्या बांधावर रचून ठेवू नयेत.

ज्वारीच्या बाबतीत एकच गोष्ट लक्षात ठेवायची. कापलेल्या ज्वारीचा कोवळा फुटवा, त्यातही पाण्याचा ताण बसलेला, गुरांना विषारी असतो. त्यात हायड्रोसायनिक आम्ल तयार होते. किराळ लागणे म्हणतात ते हेच. चाऱ्याच्या बियाण्याच्या पाकिटावर ‘गुड रॅटूनिंग’ लिहिलेले असले तरी गुडघ्याएवढ्या फुटव्यात जनावर सोडायचे नाही.

आता केळी. इथे रॅटूनचा अर्थ मुळातच वेगळा बसतो. उसाचा खोडवा तोडणीनंतर सुरू होतो, केळीची पिलबाग मात्र नवतीचा घड कापायच्या तीन-चार महिने आधी सुरू झालेली असते. केळीचे खरे खोड म्हणजे जमिनीतला कंद. वर दिसणारा खांब हा पानांच्या देठांचा एकात एक गुंडाळलेला थर. तो एकदाच निसवतो, म्हणजे त्यातून एकदाच केळफूल बाहेर पडते, एकच घड देतो आणि संपतो. पुढचे पीक कंदाच्या कडेच्या डोळ्यातून येणाऱ्या पिलावर. म्हणून खताच्या तक्त्यात ‘रॅटून सुरू झाल्यापासून ३० दिवसांनी’ असे लिहिलेले असेल तर आधी विचारायचे, दिवस कशापासून मोजले आहेत? घड कापल्यापासून की पील धरल्यापासून? या दोन तारखांत जवळपास एका हंगामाचे अंतर आहे. कापणीपासून मोजणाऱ्याचे पील तोवर नवतीच्या उरल्यासुरल्यावर जगलेले असते आणि पुढे कितीही खत दिले तरी ती तूट भरत नाही. पिलाच्या आत घडातल्या फण्या किती हे फूल बाहेर दिसायच्या बरेच आधी ठरते, त्या वेळी ते उपाशी असेल तर घड लहानच निघणार.

पील धरण्याआधी पिले काढणे येते. टिश्यूकल्चरची ग्रँड नैन जातीची केळी कंदाच्या लागवडीपेक्षा जास्त आणि लवकर पिले देते. लागवडीनंतर तिसऱ्या महिन्यापासून ती दिसू लागतात. निसवणीपर्यंत दर १५ ते २० दिवसांनी कापावी लागतात. नुसते जमिनीलगत विळ्याने कापले तर आतला कोंब जिवंत राहतो आणि आठवड्याभरात पोंगा, म्हणजे मधले न उलगडलेले पान, पुन्हा वर येतो, कारण पिलाचा वाढीचा बिंदू मातीच्या खाली असतो. म्हणून कापल्यावर मधला कोंब पहारीच्या टोकाने किंवा अणकुचीदार खुरप्याने फोडायचा. फोडायचा म्हणजे तेवढाच. कंदावर घाव गेला तर तिथून सड शिरते, पावसाळ्यात विशेष. पाणी साचलेल्या वाफ्यात इर्विनिया जिवाणूची सड लागलेली झाडे पाहा, बऱ्याच ठिकाणी पिले उपटताना कंदाचा लचका निघालेला सापडेल. पील उपटायचे नाही, हे मजुरांना दर पाळीला सांगावे लागते. हात घाईत असला की उपटणे सोपे पडते.

पिले दोन जातींची. एकाची पाने अरुंद, तलवारीच्या पात्यासारखी, बुंधा खाली जाड आणि वर निमुळता. हे आईच्या कंदाला खोलवर जोडलेले असते, तळव्याने ढकलले तर हलत नाही. दुसरे पाणपील. वीतभर उंचीलाच रुंद, मोठ्या झाडासारखी पाने काढते, बुंधा वरपासून खालपर्यंत सारखाच बारीक, आणि ढकलले की डुलते, कारण आईशी जोड कच्चा आणि स्वतःचा कंद लहान. नजरेला पाणपील जास्त टवटवीत दिसते आणि नवख्या माणसाचा हात तिकडेच जातो. पिलबागेसाठी ते कधीच ठेवायचे नाही. त्याला घड येतो, पण उशिरा आणि हलका. इंग्रजीत पहिल्याला ‘स्वोर्ड सकर’, दुसऱ्याला ‘वॉटर सकर’ आणि निवडून ठेवलेल्या एकाच पिलाला ‘फॉलोअर’ म्हणतात. तक्त्यात फॉलोअर शब्द आला की समजायचे, सूचना फक्त धरलेल्या पिलासाठी आहे.

निवड करताना आम्ही आधी ओळीच्या टोकाला उभे राहून दिशा ठरवतो. सगळ्या झाडांची पिले एकाच बाजूची धरली तर पिलबागेची ओळ सरळ राहते, ठिबकची नळी एकदाच सरकवली की सगळ्यांच्या मुळाशी पाणी पडते, मधून ट्रॅक्टर आणि फवारणीचा पाइप जातो. एक उजवीकडचे, एक डावीकडचे असे धरले की दुसऱ्या वर्षी ५ बाय ५ फुटाचे अंतर कुठे ३ फूट, कुठे ७ फूट होते. दाटीतली झाडे उंच आणि बारीक वाढतात. घड ज्या बाजूला झुकला आहे त्याच्या बरोबर खालचे पील टाळायचे, कापणीच्या वेळी तेच मोडते. बाकी सगळे जुळत असेल तेव्हा दोन सारख्या पिलांतले खोलवरून निघालेले घ्यायचे. केळीचा कंद पिढीगणिक वर सरकतो, पिलाचा कंद आईच्या कंदाच्या खांद्यावर बसतो. वरच्या अंगाचे पील धरत गेले तर दुसऱ्या पिलबागेला कंद मातीबाहेर दिसू लागतो आणि मे-जूनच्या वादळात झाड मुळासकट आडवे होते. इंग्रजीत याला ‘हाय मॅट’ म्हणतात. मातीची भर त्यासाठीच.

कोणत्या तारखेचे पील धरायचे, हा खानदेशात सगळ्यात कळीचा निर्णय आहे. त्यावर बाहेरच्या तक्त्यांत काहीच नसते, कारण ते तक्ते आपल्या हवामानासाठी लिहिलेले नसतात. जून-जुलैची मृगबाग साधारण फेब्रुवारी-मार्चमध्ये निसवायला लागते. शिफारस अशी की निसवण झाल्यावर एक पील ठेवावे. त्या वेळी धरलेले महिन्याभराचे पील आईच्या सावलीत उन्हाळा काढते, पावसाळ्यात जोर धरते आणि नोव्हेंबर-डिसेंबरमध्ये निसवते. म्हणजे नेमके थंडीत. किमान तापमान १० अंशांच्या आसपास गेले की नवे पान निघणे जवळजवळ थांबते, घड खांबाच्या गळ्यात अडकतो, बाहेर आला तरी फण्या एकमेकींत दाटलेल्या राहतात आणि पक्व व्हायला महिनाभर जास्त लागतो. जरा आधीचे, जानेवारीतले पील धरले तर निसवण सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये जाते आणि घड थंडीआधी गळ्याबाहेर पडलेला असतो. पण आईला अजून घड यायचा असतो, पील तिचे अन्न ओढते आणि नवतीचा घड काही प्रमाणात उतरतो. उलट मे-जूनमधले पील धरले तर निसवण फेब्रुवारी-मार्चला, थंडी टळते, पण घड ४५ अंशांच्या उन्हात भरायचा असतो. पश्चिमेकडच्या कडेची झाडे तिथे आधी करपतात.

आमचा कल जानेवारीच्या पिलाकडे आहे, दोन अटींवर. नवती जोमदार हवी, म्हणजे झाडावर किमान १२ निरोगी पाने असावीत. आणि त्या दिवसापासून खत-पाणी दोन झाडांच्या हिशेबाने द्यायची तयारी हवी. नवती आधीच पिवळी, करपा रोगाने पाने गेलेली असेल तर लवकर पील धरून दोन्ही पिके अर्धी करण्यात अर्थ नाही, त्या बागेत मार्चचेच पील ठेवा आणि थंडीत घडाला स्कर्टिंग बॅग (घड झाकायची पिशवी) घाला, रात्रीचे पाणी द्या, बांधावर पहाटे धूर करा. कांदेबागेचे गणित याहून वेगळे असते. तिथे निसवण पावसाळ्याच्या तोंडावर येते आणि पिलाला थंडी लहान वयात भेटते, ती ते सोसते.

एक गोष्ट मात्र तारखेच्याही आधी. ज्या झाडावर सीएमव्ही (कुकुंबर मोझॅक विषाणू), म्हणजे हरण्या रोग, दिसला असेल त्याचे पील कितीही चांगले दिसो, धरायचे नाही. पानांवर पिवळसर तुटक पट्टे, पाने आखूड, पोंगा सडणे ही लक्षणे. विषाणू कंदातून पिलात उतरतो, म्हणून आई आजारी तर पील आजारीच. ते झाड कंदासकट खणून काढायचे, शेताबाहेर नेऊन नष्ट करायचे आणि ती जागा रिकामी ठेवायची. शेजारच्या झाडाची दोन पिले धरून ती जागा भरायचा मोह होतो, पण दोन पिलांचे दोन मध्यम घड निघतात आणि व्यापारी दोन्ही वापसीत, म्हणजे कमी प्रतीच्या मालात, टाकतो. विषाणू पसरवणारा मावा काकडीवर्गातल्या वेली, मिरची, टोमॅटो यांवरही राहतो, म्हणून पिलबागेच्या मोकळ्या जागेत भोपळा-गिलके लावू नये.

खताचा हिशेब राहुरीच्या कृषी विद्यापीठाच्या शिफारशीवर धरू: प्रति झाड २०० ग्रॅम नत्र, ४० ग्रॅम स्फुरद, २०० ग्रॅम पालाश. सरळ खतांत मोजले तर ४३५ ग्रॅम युरिया, २५० ग्रॅम सिंगल सुपर फॉस्फेट, सुमारे ३३५ ग्रॅम म्युरेट ऑफ पोटॅश. ५ बाय ५ फुटावर एकरी १७४२ झाडे बसतात, म्हणजे ४५ किलोच्या युरियाच्या जवळपास १७ गोण्या आणि ५० किलोच्या पोटॅशच्या साडेअकरा-बारा. हे एका पिकाचे. पिलबागेला याहून कमी लागते असा समज आहे, कारण मुळ्या तयार आहेत आणि आईचा खांब कुजून काहीतरी देतोच. पण आईच्या घडाने जमिनीतला पालाश मोठ्या प्रमाणात उचलून नेलेला असतो, आणि पिलबागेच्या केळ्यांना लांबी-जाडी कमी पडते ती बहुधा पालाशातच. नत्रात थोडी काटछाट केलीत तरी पोटॅश कमी करू नका. नवतीची निसवण झाली की फर्टिगेशन, म्हणजे ठिबकमधून खत देणे, बंद करायची पद्धत पुष्कळ शेतात आहे. नवतीपुरते ते चालून जाते, पिलबागेला ते सगळ्यात महागात पडते, कारण तिथून कापणीपर्यंतचे तीन-चार महिने एकाच नळीवर दोन तोंडे असतात. पाण्याचेही तेच. मे महिन्यात मोठ्या झाडाला दिवसाला २० लिटरच्या पुढे लागते, खाली पील असेल तर वेळ वाढवायची, आणि एकच नळी असेल तर दुसरी टाकण्याचा खर्च पिलबागेच्या पहिल्याच घडांत निघतो.

घड कापला की लगेच खांब बुडातून आडवा करू नये. हे काम जवळून पाहण्यासारखे आहे. कापणीच्या दुसऱ्या दिवशी साधारण छातीच्या उंचीवर खांबाला काप द्या, पाणी धारेने ओघळताना दिसेल. तो सगळा ओलावा आणि त्यातला पालाश कंदाच्या जोडातून पिलाकडे उतरायचा असतो. म्हणून वरची पाने आणि खांबाचा वरचा भाग काढायचा, चार-पाच फुटांचा खुंट उभा ठेवायचा आणि तो दीड-दोन महिन्यांत आपोआप सुकून बसला की मग जमिनीलगत कापून, तुकडे करून दोन ओळींच्या मध्ये पसरायचा. इंग्रजी मजकुरात या कामाला ‘मॅटॉकिंग’ असा शब्द आहे. खुंट उभा ठेवण्याला एकच अपवाद, कंदात सोंडकिडा असेल तर. खांब उभा चिरून आत तपकिरी बोगदे दिसले तर खुंट ठेवणे म्हणजे किडीला घर ठेवणे, तिथे खांब लगेच बुडापासून काढून उन्हात बारीक करून वाळवायचा.

खुंट सुकेपर्यंत पिलाच्या बुडाशी माती लावून घ्यायची, वीतभर तरी. त्याच पाळीला आणखी उगवलेली पिले काढायची, नाहीतर ऑगस्टपर्यंत एका जागी चार खांब होतात आणि हवा खेळत नाही, करपा तिथूनच उठतो. करप्याची जुनी पाने नवतीबरोबर गेली असे समजू नये. ती शेतात पडून असली तर पावसाच्या पहिल्या झडीत पिलबागेच्या खालच्या पानांवर ठिपके दिसतातच, म्हणून रोगट पानाचा भाग कापून बाहेर नेऊन जाळावा.

पिलबाग एकसारखी निसवत नाही, हे धरूनच चालावे. नवतीची रोपे एका वयाची असतात, पिलांच्या वयात महिनाभराचा फरक सहज पडतो, म्हणून जी कापणी नवतीत दोन-तीन आठवड्यांत उरकते ती पिलबागेत दोन महिने रेंगाळते. एका फेरीत गाडी भरत नाही आणि पिलबागेला भाव उतरतो त्यात हेही कारण आहे, केळीची प्रत हे एकटे कारण नव्हे. उपाय निवडीच्या वेळचाच आहे: सगळी पिले एका आठवड्यात धरायची आणि उंचीने जुळणारी धरायची. मागे राहिलेल्या जागांना नंतर जास्त खत देऊन ती बरोबरीला येत नाहीत.

पहिली पिलबाग नवतीच्या कापणीनंतर साधारण आठ ते दहा महिन्यांत हाती येते, त्यामुळे नवती आणि एक पिलबाग मिळून वीस-बावीस महिने धरावेत. दुसरी पिलबाग, म्हणजे ‘आर टू’, धरावी का हे जमीन पाहून ठरवायचे. तापीकाठच्या खोल काळ्या जमिनीत कंद वर आलेला असेल, मुळ्यांवर सूत्रकृमींच्या गाठी किंवा काळे चट्टे असतील, बागेत दहातले एक-दोन खांब आधीच गेलेले असतील, तर बाग मोडावी. मोडताना कंद नांगराने वर काढून उन्हात तापवावेत आणि त्या शेतात पुढचे पीक केळी किंवा काकडीवर्गातले न घेता हरभरा, मका किंवा कांदा घ्यावा. आर टू धरायचीच असेल तर पहिल्या पिलबागेच्या निसवणीलाच मधल्या मातीतले कंद उकरून पाहा. पिलाचा कंद मातीच्या खाली किमान वीतभर असेल त्याच जागा ठेवा, बाकीच्या जागी जूनमध्ये नवीन रोप लावू नका, जुन्या झाडांच्या सावलीत ते उठत नाही.